मुद्दा क्रमांक अकरा

माझ्या बायकोच्या बदलीचा आदेश मंगळवारी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी आला. साडेअकराला मी त्या आदेशाविरुद्धच्या अर्जाचा मथळा टंकून मोकळा झालो होतो. बायकोला फोन त्यानंतर केला. हे मुद्दाम आधी सांगतो, कारण आजवर हे मी कोणाला सांगितलेलं नाही.

मी नागनाथ पत्तेवार. हिंगोलीत एका सरकारी कार्यालयात मुख्य लिपिक. बावीस वर्षं आस्थापना शाखेत काढली. आस्थापना म्हणजे कर्मचाऱ्यांच्या नेमणुका, रजा, बढत्या आणि मुख्य म्हणजे बदल्या. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी म्हणायचो, शहाण्याने चढायची गरजच काय, पत्तेवार आहे ना! सरकारी नोकरांच्या तक्रारी ऐकायला छत्रपती संभाजीनगरला न्यायाधिकरण बसतं. मी लिहून दिलेल्या अर्जांवर तिथे एकोणचाळीस बदल्यांना स्थगिती मिळाली होती. वकील नुसते उभे राहायचे, मजकूर माझा असायचा. हा आकडा मी बारशापासून मयतीपर्यंत कुठेही, कोणी बदलीचा विषय काढला की सांगत असे.

माझी बायको मंजूषा मृद चाचणी प्रयोगशाळेत तंत्रज्ञ. शेतकरी पिशवीत माती घेऊन येतात, ती त्यातला नत्र, स्फुरद, पालाश मोजून कागदावर लिहून देते. तिची बदली हिंगोलीहून चिपळूणला झाली होती. म्हणजे मराठवाड्यातून उचलून थेट कोकणात. एका जागी तीन वर्षं ठेवायचा नियम, ती पूर्ण व्हायला अजून सोळा महिने बाकी होते.

संध्याकाळी घरी गेलो तर ती स्वयंपाकघरात ओट्याला टेकून फोनवर काहीतरी वाचत होती. मला वाटलं, आदेश वाचतेय आणि रडायच्या बेतात आहे.

"तिकडची माती तांबडी असते, आम्लधर्मी," ती म्हणाली. "मी कधी तपासलीच नाही. आपल्याकडं नुसती काळी."

"माती तपासायची गरज पडणार नाही. मी अर्ज करायलोय."

"कशाला? जाऊन येते की. तीन वर्षांचा तर प्रश्न आहे. ऋतुजा लातूरला होस्टेलवर. तुम्ही काय उपाशी राहणार का?"

"मी असताना? जिल्ह्याच्या बदल्या थांबवल्या मी, आन् घरचीच बाई चिपळूणला धाडू? लोक तोंडात शेण घालतील."

"लोकांचं राहू द्या. मला कामून थांबवायलात?"

मी हसलो. असल्या प्रश्नाला काय उत्तर द्यायचं असतं! नवरा-बायकोला एका गावात ठेवावं असं सरकारचंच धोरण आहे, हे तिला समजावून सांगितलं. शुक्रवारी अर्ज तयार झाला, चौतीस पानांचा. सही जिथे जिथे करायची तिथे मी पेन्सिलीने फुली मारून ठेवली. अशिक्षित शिपायापासून क्लास वन अधिकाऱ्यापर्यंत सगळ्यांना मी असंच करून देतो, म्हणजे चूक होत नाही. ती भाकऱ्या थापत होती. तिने हात पुसले आणि फुली दिसेल तिथे सही केली.

"वाचू का?" तिने विचारलं.

"मी वाचलंय," मी म्हणालो.

आता ज्या यंत्राने ही बदली केली त्याबद्दल थोडं सांगायला हवं. सहा-सात वर्षांपूर्वी बदल्यांच्या खटल्यांनी सरकार मेटाकुटीला आलं होतं, त्यात माझाही खारीचा वाटा होता. आमदाराच्या चिठ्ठीवर बदली झाली, साहेबांच्या मर्जीने झाली, असं कोर्टात सिद्ध व्हायचं आणि आदेश रद्द व्हायचा. तेव्हा 'संतुलन' नावाची प्रणाली आली. तिला चिठ्ठी पोचत नाही आणि मर्जी नसते.

रोज सकाळी हजेरीच्या कॅमेऱ्यासमोर आठ सेकंद उभं राहायचं आणि 'मी कामावर हजर आहे' एवढं म्हणायचं. हृदयाचा ठोका पडला की चेहऱ्याच्या कातडीखाली रक्त सरकतं आणि कातडीचा रंग जरासा बदलतो. आपल्या डोळ्यांना तो बदल दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतो. आठ सेकंदांत नऊ-दहा ठोके सापडतात. त्या ठोक्यांमधलं अंतर किती सारखं आणि किती वेडंवाकडं, त्यावरून माणूस नीट झोपलाय का, ताणात आहे का, तो ताण आजचा आहे की वर्षानुवर्षांचा, हे कळतं. राहिलेलं आवाजाच्या कंपावरून. शिवाय रजेचे अर्ज, दवाखान्याची बिलं, दौरे, सगळं प्रणालीत असतंच.

संतुलनाला काम एकच दिलेलं: कुठलीही खुर्ची अचानक रिकामी होऊ देऊ नकोस. राज्यातल्या लाखो कर्मचाऱ्यांपैकी कोण मेलं, कोण कायमचं अंथरुणाला खिळलं, कोणी राजीनामा फेकला, हे त्याला माहीत होतं, आणि त्या माणसांचे आधीच्या दोन वर्षांतले चेहरेही त्याच्याकडे होते. त्यावरून ते शिकलं. जुना वैद्य नाडी धरून निदान करतो आणि कसं कळलं ते त्याला नेमकं सांगता येत नाही, तसंच काहीसं. मग ते प्रत्येकाला आतल्या आत शंभर गावी बदलून बघतं आणि जिथे खुर्ची टिकेल तिथे धाडतं. आम्ही कारकून हसायचो, म्हणायचो, हे यंत्र सर्दीची रजा टाळायला एवढा खटाटोप करतं.

संभाजीनगरला आमचे वकील काझीसाहेब. पासष्टीचे, शांत, केस वाचताना ओठ हलवणारे. त्यांनी चौतीस पानं वाचली आणि चष्मा कपाळावर सरकवला.

"पत्तेवारसाहेब, खिळा ठोकायला पहार कशाला आणलीत? मुदतीआधी बदली करायची तर वरिष्ठांची लेखी मंजुरी लागते. या आदेशावर ती सहीच नाही. यंत्राच्या भरवशावर राहून विसरलेत लोक. एवढा एकच मुद्दा ठेवा, एका तारखेत आदेश रद्द होतो. बाकीचे दहा काढून टाका."

"अकरा मुद्दे आहेत साहेब. अर्ज भरदार दिसला पाहिजे."

"हा अकरावा तर मुळीच नको."

अकरावा माझा लाडका होता. त्यासोबत मी स्वतःचं प्रतिज्ञापत्र जोडलं होतं: 'आमचे वैवाहिक जीवन अत्यंत सुखाचे असून माझ्या सहवासाअभावी अर्जदाराच्या प्रकृतीवर गंभीर विपरीत परिणाम होईल.' हे वाक्य जमल्यावर मी मंजूषाला दोनदा वाचून दाखवलं होतं. ती 'भात लागतोय' म्हणून उठून गेली होती.

"प्रकृती आपण काढली की समोरचाही प्रकृती काढतो," काझीसाहेब म्हणाले.

"काढू द्या की. तिला साधी ॲसिडिटी नाही."

वकिलाचं ऐकायची मला सवय नव्हती. मुद्दा राहिला.

पहिल्या तारखेला न्यायाधिकरणाच्या सदस्या, पन्नाशीच्या एक बाई, भराभरा कामं उरकत होत्या. आमचा पुकारा झाला. सरकारची बाजू मांडणारे अधिकारी उठले. हातात एक लाखेने बंद केलेलं पाकीट.

"प्रणालीचं कारण आम्ही एरवी उघड करत नाही," ते म्हणाले. आवाज पडलेला होता, जिंकायला आलेल्या माणसाचा नव्हता. "पण अर्जदारांच्या पतीनेच शपथेवर प्रकृतीचा प्रश्न काढलाय. त्यामुळे आम्हाला उत्तर देणं भाग आहे."

बाईंनी पाकीट फोडलं. आत तीन पानं होती. वाचून झाल्यावर त्यांनी सरकारी अधिकाऱ्याकडे पाहिलं नाही की काझीसाहेबांकडे. त्यांनी मागच्या बाकांवर नजर फिरवली, विचारलं, "प्रतिज्ञापत्र करणारे पती हजर आहेत का?" मी उभा राहिलो. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मला बावीस वर्षांत इतक्या साहेबांनी इतक्या नजरांनी बघितलंय, पण ही नजर मला ओळखता आली नाही.

"बसा. या कागदांची प्रत फक्त अर्जदारांच्या हातात द्या. पुढची तारीख बारा दिवसांनी. तोपर्यंत परिस्थिती जैसे थे."

जैसे थे म्हणजे बदली थांबली. चाळिसावी. पण काझीसाहेबांनी माझं अभिनंदन केलं नाही.

मंजूषाने व्हरांड्यात उभ्या उभ्या तीन पानं वाचली, घडी घातली आणि पर्समध्ये ठेवली.

"काय लिहिलंय?"

"माझ्यापुरतं आहे."

एकवीस वर्षांच्या संसारात असं वाक्य तिने पहिल्यांदा उच्चारलं. परतीच्या गाडीत मी तीनदा विचारलं, चौथ्यांदा आवाज चढला, पुढच्या सीटवरचा माणूस वळून बघायला लागला तेव्हा थांबलो. ती जिंतूरपर्यंत खिडकीबाहेर बघत बसली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती आंघोळीला गेली आणि मी तिची पर्स उघडली. नवऱ्याने बायकोची पर्स उघडण्यात मला कधी काही वावगं वाटलं नव्हतं. त्या दिवशीही वाटलं नाही.

पहिल्या पानावर होतं: 'अर्जदार सध्याच्या ठिकाणी राहिल्यास पद अठरा महिन्यांच्या आत कायमचे रिक्त होण्याची संभाव्यता ७१ टक्के. चिपळूण येथे ६ टक्के. रिक्ततेचा प्रकार: मृत्यू अथवा कायमची असमर्थता. रीत: प्रणालीस अज्ञात. फरकाचे प्रमुख कारण: खालील कर्मचाऱ्याशी सहवास.' खाली कर्मचारी क्रमांक होता. तो माझा होता. बावीस वर्षं प्रत्येक कागदावर मी तो लिहीत आलोय, मला वाचायला वेळ लागला नाही.

दुसऱ्या पानावर आलेख. आम्ही दोघंही सरकारी, दोघंही रोज सकाळी कॅमेऱ्यासमोर उभे राहतो, आणि यंत्राने सहा वर्षांच्या सकाळी शेजारी शेजारी मांडल्या होत्या. ज्या सकाळी माझ्या आवाजात ताण, त्या सकाळी तिची नाडी वेडीवाकडी. अशा चारशे बारा सकाळी. सोमवारची सगळ्यात वाईट, कारण रविवारी मी दिवसभर घरी असतो. आणि मध्येच एक सपाट, शांत पट्टा: '११ ते २२ ऑक्टोबर. संबंधित कर्मचारी प्रशिक्षणासाठी बाहेरगावी. अर्जदाराची नाडी सर्वसाधारण.' ते नागपूरचं निवडणूक प्रशिक्षण. ते बारा दिवस मला नीट आठवत होते. मी तिला दिवसातून चारदा व्हिडिओ कॉल करायचो, कुठे आहेस, मागे कोण आहे, विचारायचो. माझ्याविना तिचे हाल होत असतील असं वाटून मला भरून यायचं.

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. बाथरूममधून पाण्याचा आवाज येत होता. मी कागद घडीवर घडी जुळवून परत ठेवले आणि देवघरासमोर जाऊन उभा राहिलो. देवाला काय मागायचं ते सुचेना.

यंत्राने मला खुनी म्हटलं असतं तर बरं झालं असतं. मी बदनामीचा दावा ठोकला असता, चौतीस पानं लिहिली असती. पण ते आरोप करतच नव्हतं. ते एवढंच सांगत होतं की मी जवळ असलो की ही खुर्ची रिकामी होते. कशी, ते त्याला ठाऊक नव्हतं. मी मारणार होतो? ती स्वतःचं काही करून घेणार होती? की एखाद्या सोमवारी सकाळी चहा गाळताना तिचं हृदय थांबणार होतं? मी कधी हात उचललेला नाही. हे मी स्वतःला दिवसभर सांगत राहिलो. डबा फेकला होता, पण भिंतीवर. मोबाइल आपटला होता, पण तो मीच घेऊन दिलेला. आणि ही यादी करताना मला आणखी घाम फुटला, कारण यादी संपेना.

मी भयंकर घाबरलो. आजवर मी साहेबांना घाबरलो, चौकशीला घाबरलो, एकदा कुत्रं मागे लागलं तेव्हा घाबरलो, पण त्या सगळ्यांपासून पळता येत होतं. आता ज्याची भीती वाटत होती तो माझ्याच अंगात होता, माझ्याच चपला घालून ऑफिसला जात होता. मी हात खिशात ठेवून बसायला लागलो. गॅसजवळ जाणं सोडलं. तिच्या मागून जायचं असलं की आधी खाकरायचो. बुधवारी ऑफिसला निघताना माझी नजर ओट्यावरच्या वरवंट्यावर पडली. काय झालं कोण जाणे, मी तो उचलला, स्कूटरच्या डिकीत टाकला आणि ऑफिसात टेबलाखाली नेऊन ठेवला.

संध्याकाळी मंजूषाने विचारलं, "वरवंटा कुठंय?"

"कामून?"

"चटणी वाटायचीय."

दाणे, लसूण, मिरच्या पाट्यावर तशाच होत्या. ती माझ्याकडे बघत होती आणि मी फरशीकडे.

"वाचलंत ना तुम्ही," ती हळू म्हणाली.

मी मान हलवली. ती पाट्यापुढून उठली आणि दाराजवळच्या खुर्चीत जाऊन बसली. तेव्हा माझ्या लक्षात आलं की ती नेहमी त्याच खुर्चीत बसते. घरात चार खुर्च्या आहेत. मला वाटायचं, तिथे वारा लागतो म्हणून बसत असेल.

शनिवारी दुपारी मी ऑफिसच्या जिन्यात उभं राहून ऋतुजाला फोन केला. माझी पोरगी, एकोणीस वर्षांची. ती खरं सांगेल असं वाटलं.

"ऋतू, तुला माझी भीती वाटते का गं?"

पलीकडे कँटीनचा गलबला होता. ती तिथून बाहेर आली असावी, कारण आवाज कमी होत गेला आणि मग तिचा श्वास ऐकू आला.

"बाबा, आई कुठंय?"

"अगं, मी सहज विचारतोय—"

"आई कुठंय? आईला फोन द्या. आत्ता द्या, बाबा."

"ती प्रयोगशाळेत आहे. मी ऑफिसात आहे."

तिने फोन ठेवला. ती लगेच आईला फोन करणार हे मला कळलं. मी जिन्यातच बसलो. एक शिपाई आला, साहेब चक्कर आली का, पाणी आणू का, म्हणाला. मी त्याला कामाला लाग म्हणून ओरडलो आणि त्याच्या तोंडाकडे बघून पहिल्यांदा मला माझा आवाज ऐकू आला.

दुसऱ्या तारखेला आम्ही संभाजीनगरला एकाच गाडीने गेलो, दोन सीट सोडून बसलो. मंजूषाकडे एक मोठी बॅग होती. मला वाटलं, मुक्काम करावा लागला तर म्हणून घेतली असेल. पुकारा झाल्यावर सदस्याबाई म्हणाल्या, "मी अर्जदारांशी दालनात बोलेन. एकट्यांशी." मी सवयीने तिच्यासोबत उठलो. पट्टेवाल्याने हात आडवा केला.

वीस मिनिटं मी व्हरांड्यातल्या बाकावर बसून होतो. त्या वीस मिनिटांत मी देवाला एवढंच मागितलं की यंत्र चुकलं म्हणून सांग. दार उघडलं. मंजूषा थेट जिन्याकडे गेली. काझीसाहेबांना शेवटी आत बोलावलं होतं, ते बाहेर येऊन माझ्याजवळ थांबले.

"पहिल्याच मुद्द्यावर आदेश रद्द होत होता," ते म्हणाले. "मंजुरीची सही नव्हतीच. बाईंनी तसं सांगितलं, तुम्ही जिंकलाय म्हणाल्या. ताईंनी अर्ज मागे घेतला."

"मागे? का?"

"ते मला विचारू नका, पत्तेवारसाहेब."

खाली कँटीनमध्ये ती बसली होती. तिने दोन चहा सांगितले होते. मी समोर बसलो तेव्हाच तिच्या फोनवर हिंगोलीच्या पदावरून कार्यमुक्त केल्याचा आदेश येऊन पडला. तिने तो वाचला आणि फोन पर्समध्ये ठेवला.

"अर्ज मागे घेतलास?"

"हो."

"मला न विचारता?"

"हो."

रागाची उकळी कुठून येते ते मी त्या दिवशी पाहिलं. आधी कानामागे गरम होतं, मग जबडा आवळतो, मग हात काहीतरी शोधायला लागतो. माझ्या हाताला स्टीलचा ग्लास लागला होता. मी तिच्याकडे पाहिलं. तिची पर्स खांद्याला होती, एक पाय खुर्चीबाहेर, नजर माझ्या उजव्या हातावर. चेहऱ्यावर घाबरल्याची खूणही नव्हती. पाऊस किती वेळ टिकेल ते बघत माणसं आडोशाला उभी राहतात, तशी ती बघत होती. तिला यातलं सगळं पाठ होतं. मी ग्लास सोडला. हात मांडीवर ठेवला.

"यंत्र चुकलं असेल," मी म्हणालो. "यंत्रच ते. त्याला घरातलं काय कळतंय?"

"यंत्राला आत्ता कळलं," ती म्हणाली. "मला ऋतू चौथीत होती तेव्हापासून माहीत आहे. तुम्ही बाहेरून कुलूप लावून ऑफिसला गेलात त्या दिवसापासून."

"ते चुकून..."

"चुकून नव्हतं. न सांगता माहेरी जाऊन आले म्हणून लावलं होतं. लेकराला ताप होता. संध्याकाळपर्यंत आम्ही दोघी आतच होतो."

चहावर साय धरली होती. शेजारच्या टेबलावर दोन शिक्षक कुठल्याशा स्थगितीबद्दल बोलत होते.

"मग इतकी वर्षं काय म्हणून राहिलीस?"

"मी दोनदा बदली मागितली होती. तुम्हाला माहीत नाही का?"

माहीत होतं. तिच्या खात्यातला आस्थापनेचा कारकून माझा दोस्त. दोन्ही वेळा त्याने मला फोन केला होता, वहिनींचा अर्ज आलाय, काय करू? दोन्ही वेळा मी म्हणालो होतो, फाडून टाक रे, बायकांचं काय मनावर घ्यायचं. आम्ही दोघं त्यावर हसलोही होतो. एकोणचाळीस बदल्या थांबवल्या म्हणून मी गावभर सांगत फिरलो, आणि या दोन मी कधी त्यात धरल्याच नाहीत.

"संतुलननं तुम्हाला फोन नाही केला," मंजूषा म्हणाली. "म्हणून जायले मी."

चिपळूणची गाडी पावणेदोनला होती. सामानाचं काय, असं मी विचारलं. ऋतुजा घरी येऊन पाठवणार होती, दोघींचं ठरलेलं होतं. मी स्टँडपर्यंत बॅग उचलली. तिने नको म्हटलं होतं. वाटेत मी शंभर गोष्टी बोलायच्या ठरवल्या. मी बदलेन, कुठेतरी दाखवून घेईन, औषध घेईन, शपथ घेईन. बोललो एवढंच, की कोकणात दमट असतं, जपून राहा.

गाडीत चढून बॅग वरच्या फळीवर सरकवली आणि मी तिच्या शेजारच्या सीटवर बसलो. ठरवून बसलो नाही. ती खिडकीशी होती, मी पॅसेजच्या बाजूला, म्हणजे मी उठल्याशिवाय तिला बाहेर पडता येणार नव्हतं. हे बसल्यावर माझ्या ध्यानात आलं, तरी मी उठलो नाही.

कंडक्टर आला. "कुठं?"

"चिपळूण," ती म्हणाली.

"दोन?"

"एक."

त्याने माझ्याकडे पाहिलं. "साहेब, तुम्ही उतरणार ना? गाडी सुटायलीय."

डोक्यात मुद्दे तयार व्हायला लागले होते आणि एकाहून एक बिनतोड होते. नुसतं सोडायला जातो. एक दिवस. खोली कशी आहे, घरमालक कोण आहे, हे नवऱ्याने बघायला नको का? उद्या परत येईन. परवा. प्रत्येक वाक्य नीट, व्याकरणशुद्ध, आणि त्यातलं एकही खोटं आहे असं मला वाटत नव्हतं. कंडक्टर तिकीट फाडायचं थांबून उभा होता.

मंजूषाने माझ्याकडे मान वळवली नाही. तिचा हात समोरच्या दांडीवर होता आणि बोटं पांढरी पडली होती. गळ्याजवळची शीर उडत होती. कँटीनमध्ये नव्हती ती भीती आता तिच्या तोंडावर आली होती, कारण आता तिच्याजवळ गमावण्यासारखं काहीतरी होतं.

"अहो," ती म्हणाली, "उतरा."

मी उतरेन की नाही, हे तिला माहीत नव्हतं. मलाही नव्हतं. इतकं घाबरून मी कधीच बसलो नव्हतो. ड्रायव्हरने गाडी चालू केली आणि पुढचं दार सरकायला लागलं.

मी उठलो आणि उतरलो.